जगदीश भगवती कसे वाचावेत: मुक्त व्यापार आणि उरलेली वीस माणसं

पंचवीस वर्षं मी पदवीच्या वर्गाला आंतरराष्ट्रीय अर्थशास्त्र शिकवते आहे. सत्र संपत आलं की दरवर्षी दोन-चार मुलं येऊन विचारतात, "मॅडम, मुक्त व्यापार चांगला की वाईट, एकदाचं सांगून टाका ना." मी काही सांगत नाही. मुक्त व्यापाराचे समर्थक अर्थतज्ज्ञ जगदीश भगवती यांचं २००४ सालचं 'इन डिफेन्स ऑफ ग्लोबलायझेशन' (जागतिकीकरणाच्या बाजूने) त्यांच्या हातात ठेवते. महिन्याभराने पुस्तक परत येतं. निम्मी मुलं म्हणतात, "पटलं." उरलेली म्हणतात, "हे तर श्रीमंत देशांची वकिली करतात." दोन्ही उत्तरं ऐकून मला वाईट वाटतं, कारण मुलांनी बाजू निवडलेली असते, पुस्तक तसंच राहिलेलं असतं.

भगवतींचं लिखाण बाजू निवडण्यासाठी वाचलं तर वाया जातं. व्यापार खुला झाल्यावर गरिबांचं, बायकांचं, मुलांचं, मजुरांचं काय होतं, हा प्रश्न त्यांनी एकेक प्रकरण देऊन घेतला आहे. त्या प्रश्नाशी झटायचं असेल तर हे लिखाण कसं वाचायचं, ते मी वर्गात जसं करून घेते तसं इथे लिहिते. अर्थशास्त्राची पदवी लागत नाही. बेरीज-वजाबाकी यायला हवी, एक वही हवी आणि घाई नको.

आधी रिकार्डोचं गणित हाताने करा

भगवतींचं पुस्तक अजून उघडू नका. त्यांच्या सगळ्या मांडणीखाली १८१७ सालचं एक उदाहरण आहे, डेव्हिड रिकार्डो या इंग्रज अर्थतज्ज्ञाचं. ते पाठ्यपुस्तकात प्रत्येकाने वाचलेलं असतं, हाताने सोडवलेलं जवळपास कोणीच नसतं. वहीत उतरवून घ्या.

इंग्लंडमध्ये ठरावीक कापड तयार करायला १०० माणसांचं वर्षभराचं काम लागतं, ठरावीक मद्याला १२० माणसांचं. पोर्तुगालमध्ये तेवढ्याच कापडाला ९० आणि तेवढ्याच मद्याला ८०. म्हणजे दोन्ही गोष्टींत पोर्तुगाल सरस. तरीही पोर्तुगालने नुसतं मद्य करावं, इंग्लंडने नुसतं कापड, आणि अदलाबदल करावी, यात दोघांचाही फायदा आहे. इंग्लंड १०० माणसांच्या कामाचं कापड देऊन जे मद्य घेतं, ते घरी करायला १२० माणसं लागली असती. वीस वाचली. पोर्तुगाल ८० माणसांच्या कामाचं मद्य देऊन ९० माणसांच्या कामाचं कापड घेतं. दहा वाचली. यालाच तौलनिक लाभ म्हणतात.

इथे मुलं वही मिटतात. मी मिटू देत नाही. एका वर्षी मागच्या बाकावरची एक मुलगी उठली आणि तिने विचारलं, "मॅडम, ती वाचलेली वीस माणसं आता कुठे गेली?" त्या प्रश्नानंतर मी हे गणित पूर्वीसारखं कधीच शिकवलं नाही.

बघा ना. इंग्लंडात मद्य बंद झालं, म्हणजे १२० माणसांचा धंदा गेला. त्यातली शंभर जणं जास्तीचं कापड विणायला गेली असं धरू. त्यांना माग चालवायला शिकावं लागलं, कदाचित गाव सोडावं लागलं. उरली वीस. देशाच्या हिशेबात ही वीस माणसं म्हणजे निव्वळ नफा, कारण पूर्वीइतकंच कापड आणि मद्य आता त्यांच्यावाचून मिळतं, आणि ती आणखी काहीतरी नवं निर्माण करू शकतात. त्या वीस जणांच्या घरी मात्र तोच नफा बेकारी म्हणून पोचतो, जोवर ते 'आणखी काहीतरी' उभं राहत नाही तोवर. नफा आणि दुखणं ही त्याच वीस माणसांची दोन नावं आहेत. पोर्तुगालात नव्वद विणकरांपैकी ऐंशी जण द्राक्षमळ्यात गेले आणि दहा उरले, तिथेही तेच.

ही वीस आणि दहा माणसं वहीच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरात लिहून ठेवा. पुढे भगवती वाचताना "देशाचा फायदा" हे शब्द आले की दर वेळी या पानावर परत या. रिकार्डोने स्वतःसुद्धा १८२१च्या आवृत्तीत यंत्रांवर नवं प्रकरण घालून मान्य केलं होतं, की देशाचं उत्पन्न वाढवणारं यंत्र मजुराचं नुकसान करू शकतं. व्यापाराबद्दल त्याने तसं प्रकरण लिहिलं नाही. ते काम पुढच्यांवर आलं.

मग तरुण भगवतींना भेटा

भगवतींचा जन्म १९३४चा, मुंबईचा. सिडनहॅम कॉलेज, मग केंब्रिज, पुढे एमआयटी, ऑक्सफर्ड. परत येऊन दिल्लीत शिकवलं आणि साठच्या दशकात नियोजनाच्या कामात तळच्या लोकांचं उत्पन्न कसं वाढेल यावर डोकं लावलं. मग एमआयटीत प्राध्यापकी आणि पुढे कोलंबिया विद्यापीठ. चरित्र एवढं पुरे.

त्यांचं १९५८ सालचं एक छोटं टिपण मात्र नीट समजून घ्या. 'इमिझरायझिंग ग्रोथ', म्हणजे गरीब करणारी वाढ. त्यातल्या आकृत्या बघून घाबरू नका. कल्पना सोप्या कल्पित आकड्यांत अशी मांडता येते. एक देश १०० पोती माल निर्यात करतो, पोत्याला १० मिळतात, हाती १००० येतात. देशाने कष्ट केले, उत्पादन वाढवलं, आता १५० पोती निर्यात झाली. पण जगाच्या बाजारात त्याच मालाचा मोठा पुरवठादार तोच देश आहे, त्यामुळे भाव पडला, पोत्याला ६ झाला. हाती आले ९००. पिकवलं जास्त, मिळालं कमी. भावाची पडझड मोठी असेल तर वाढ झाल्यावर देश आधीपेक्षा गरीब होऊ शकतो.

चोविशीतल्या माणसाने हे लिहिलं, आणि हाच माणूस पुढे आयुष्यभर मुक्त व्यापाराची बाजू लढवतो. ज्यांना ते वकील वाटतात त्यांना मी हे टिपण आधी दाखवते. व्यापारातून नुकसान कोणत्या परिस्थितीत होतं, ते त्यांनी स्वतः शोधून दाखवलं आहे. "व्यापार सदासर्वकाळ सगळ्यांचं भलं करतो" असं वाक्य त्यांच्या नावावर कोणी खपवलं, तर या टिपणाकडे बोट दाखवा.

दुसरा लेख १९६३चा, व्ही. के. रामस्वामी यांच्याबरोबर लिहिलेला. मला विचाराल तर भगवतींच्या सामाजिक विचाराची किल्ली याच लेखात आहे, आणि सामान्य वाचकांपर्यंत नेमका तोच पोचत नाही. म्हणणं असं: दुखणं देशाच्या आत असेल, म्हणजे मजुराला योग्य वेतन मिळत नसेल, एखाद्या उद्योगाला माणसं घेणं विनाकारण महाग पडत असेल, तर औषधही आतच द्या. अनुदान द्या, कर बदला. सीमेवर आयात शुल्क लावून ते दुखणं बरं करायला गेलात तर एक बिघाड कमी होताना दुसरा तयार होतो, कारण शुल्काने गिऱ्हाईकाला माल महाग पडतो आणि त्याची निवड वाकडी होते. हा विचार वहीच्या दुसऱ्या पानावर लिहा. २००४च्या पुस्तकातलं निम्मं याचाच विस्तार आहे.

पुस्तक मधूनच उघडा

आता पुस्तक घ्या, पण पहिल्या पानापासून सुरुवात करू नका. सुरुवातीची प्रकरणं जागतिकीकरणाच्या विरोधकांबद्दल आहेत, १९९९ साली अमेरिकेत सिएटलला जागतिक व्यापार संघटनेच्या बैठकीविरुद्ध झालेल्या निदर्शनांनंतरच्या काळातली. तिथे भगवतींचा सूर वादाचा आहे आणि वाचणारा लगेच कोणाच्या तरी बाजूला जाऊन बसतो. ती प्रकरणं शेवटी वाचा.

मधला भाग उघडा. तिथली प्रकरणं प्रश्नाच्या रूपात आहेत: गरिबी वाढली की घटली, बालमजुरी वाढली की घटली, स्त्रियांचं नुकसान झालं की मदत झाली. माझा आग्रह बालमजुरीपासून सुरुवात करण्याचा, कारण तिथे प्रत्येकाचं मन आधीच तयार असतं आणि त्यामुळे तर्क तपासून पाहायला बरं पडतं.

वहीच्या पानावर तीन रकाने आखा. पहिल्यात दावा, दुसऱ्यात वाट, तिसऱ्यात कोण. दावा म्हणजे लेखक काय झालं म्हणतो. वाट म्हणजे व्यापारापासून त्या परिणामापर्यंत एकेक पाऊल. कोण म्हणजे त्या वाटेवर नक्की कोणती माणसं येतात आणि कोणती बाहेर राहतात. बहुतेकांचा पहिला रकाना भराभर भरतो आणि दुसरा कोरा राहतो. कोरा राहिला तर परत वाचा.

एक प्रकरण मी भरून दाखवते.

दावा: व्यापार खुला झाल्याने बालमजुरी घटते. आपल्या मनातला उलटा दावा: निर्यातीला स्वस्त हात लागतात, म्हणून बालमजुरी वाढते. उलट्या दाव्यालाही वाट आहे आणि ती खरी आहे. मागणी वाढली की मुलाच्या मजुरीला जास्त भाव येतो, शाळेत बसवणं आईबापांना महाग पडतं. भगवती दुसरी वाट दाखवतात. गरीब आईबाप मुलाला कामाला लावतात ते माया नसते म्हणून नव्हे, हातात पैसा नसतो म्हणून. व्यापाराने घरचं उत्पन्न वाढलं तर पहिली गोष्ट होते ती मुलाला शाळेत पाठवण्याची.

दोन्ही वाटा खऱ्या, पण उलट्या दिशांच्या. मग निकाल कशाने लागणार? पुराव्याने. इथे भगवती एरिक एडमंड्स आणि नीना पावनिक यांच्या व्हिएतनामवरच्या अभ्यासाचा आधार घेतात. १९९०च्या दशकात व्हिएतनामने तांदळाच्या निर्यातीवरची बंधनं सैल केली, देशातला तांदळाचा भाव वाढला. त्याच काळात बालमजुरी मोठ्या प्रमाणात घटली, आणि या अभ्यासकांच्या हिशेबाने त्या घटीचा जवळपास अर्धा भाग भाववाढीशी जोडता येतो. भाव वाढला, तर शेतात मुलांच्या कामाचाही मोबदला वाढायला हवा होता. तरी मुलं शाळेत गेली, कारण घरात आलेला पैसा जास्त जोर लावून गेला.

दुसरा रकाना भरला. आता तिसरा. कोण? ज्यांच्याकडे शेत आहे आणि जे तांदूळ विकतात. जे तांदूळ विकत घेऊन खातात, त्यांच्या घरात त्याच भाववाढीने काय झालं असेल? हा प्रश्न लिहा आणि त्याखाली रिकामी जागा सोडा. एका देशाच्या, एका पिकाच्या, एका दशकाच्या निष्कर्षावरून सुताने स्वर्ग गाठायचा नाही, ही शिस्त हा रकाना लावतो. एक विद्यार्थी तिथे लिहून गेला होता, "जमीन नसलेले." बस, एवढेच दोन शब्द. माझ्या मते त्या वर्षीच्या सगळ्या उत्तरपत्रिकांत ते सगळ्यात चांगलं उत्तर होतं.

स्त्रियांचं प्रकरणही याच पद्धतीने करा. तिथली मुख्य वाट अर्थतज्ज्ञ गॅरी बेकर यांच्या भेदभावाबद्दलच्या १९५७च्या विचारातून निघते. जो मालक लायक बाईला डावलून जास्त पगारावर पुरुष ठेवतो, तो आपल्या पूर्वग्रहाची किंमत खिशातून भरतो. परदेशी माल स्पर्धेला उतरला की ही चैन परवडत नाही. सँड्रा ब्लॅक आणि एलिझाबेथ ब्रेनर्ड यांनी अमेरिकी उद्योगांत पाहिलं, तेव्हा ज्या उद्योगांत पूर्वी स्पर्धा कमी होती तिथे आयातीच्या स्पर्धेनंतर वेतनातली स्त्री-पुरुष दरी जास्त भरून आली. तिसऱ्या रकान्यात विचारा: त्या उद्योगात टिकून राहिलेल्या बायकांची दरी भरली, पण उद्योगच बंद पडला तिथल्या बायकांचं काय? संस्कृती, लोकशाही यांवरची प्रकरणं मला तुलनेने पातळ वाटतात. सवडीने वाचा.

कशाचा व्यापार, ते विचारल्याशिवाय पुढे जाऊ नका

माझ्या हातून झालेली एक चूक सांगते, म्हणजे तुमच्या हातून होणार नाही. नोकरीच्या सुरुवातीच्या वर्षांत एका व्याख्यानात मी म्हणाले होते, की भगवती सगळंच खुलं करा म्हणतात, माल, भांडवल, सगळं. समोर बसलेल्या एका ज्येष्ठ प्राध्यापकांनी व्याख्यान संपल्यावर बाजूला बोलावलं आणि शांतपणे विचारलं, "तुम्ही त्यांचा १९९८चा लेख वाचलाय का?" मी वाचला नव्हता. त्या रात्री वाचला.

'फॉरेन अफेअर्स' या नियतकालिकातल्या त्या लेखात भगवती म्हणतात, की वस्तूंच्या व्यापाराचे युक्तिवाद उचलून भांडवलाच्या मोकळ्या ये-जा करण्याला लावणं चूक आहे. १९९७ साली थायलंडपासून आशियात संकट पसरलं, अल्पमुदतीचा पैसा आला तसाच पळाला, आणि सामान्य माणसांच्या नोकऱ्या घेऊन गेला. माल असा एका रात्रीत घाबरून पळत नाही. भांडवल मोकळं सोडण्याचा आग्रह वॉल स्ट्रीट आणि अमेरिकी अर्थखातं यांच्या हितसंबंधांच्या साखळीतून येतो, असंही त्यांनी स्पष्ट लिहिलं. मुक्त व्यापाराच्या सगळ्यात मोठ्या समर्थकाने हे लिहावं, याचं मोल मला त्या रात्री कळलं. चुकीचं बोलल्याची खंत आजही आहे, म्हणून हा भाग मी कधीच गाळत नाही.

तेव्हा वाचताना दर वाक्याला विचारा: इथे माल चालला आहे, पैसा, माणसं, की पेटंट? भगवतींची उत्तरं वेगवेगळी आहेत. माल, हो. अल्पमुदतीचं भांडवल, जपून. माणसांचं स्थलांतर, त्यासाठी नीट जागतिक व्यवस्था हवी. पेटंट आणि बौद्धिक संपदा जागतिक व्यापार संघटनेच्या नियमांत घालण्याला त्यांचा विरोध होता, कारण ती त्यांच्या मते व्यापाराची बाब नाही, गरीब देशांकडून श्रीमंत देशांकडे स्वामित्वधन वळवण्याची बाब आहे. गरिबांच्या औषधांच्या किमतीचा विषय निघाला की हा मुद्दा आठवा.

आणखी एक गल्लत होते ती 'मुक्त व्यापार करार' या शब्दांनी. नाव मुक्त व्यापाराचं, पण दोन-चार देशांनी आपसात शुल्क काढायचं आणि बाकीच्यांवर ठेवायचं, याला भगवती मुक्त व्यापार मानत नाहीत, पक्षपाती व्यापार म्हणतात. अर्थतज्ज्ञ जेकब व्हायनर यांनी १९५० साली दाखवलं होतं, की अशा करारामुळे स्वस्त विक्रेत्याला सोडून करारातल्या महाग विक्रेत्याकडून माल घेतला जाऊ शकतो. असे करार वाढत गेले की प्रत्येक मालाला, तो कुठून आला यावरून वेगळा दर, वेगळा नियम. या गुंत्याला भगवतींनी १९९५ साली स्पॅगेटीच्या वाडग्याची उपमा दिली, आणि ती त्यांच्या नावाला कायमची चिकटली. या गुंत्यात भरडले जातात ते लहान देश आणि लहान निर्यातदार, ज्यांच्याकडे नियम वाचायला वकील नसतात.

एका दगडात दोन पक्षी

सामाजिक परिणामांवर भगवतींचा सगळ्यात वादग्रस्त मुद्दा हा: कामगारांचे हक्क, बालमजुरीबंदी, पर्यावरण यांच्या अटी व्यापार करारांत घालू नका. ऐकायला हे कठोर वाटतं. वर्गात इथे नेहमी आवाज चढतात, आणि चढावेत.

त्यांचा युक्तिवाद आपल्या म्हणीतच बसतो. व्यापार खुला करणं हा एक पक्षी, सामाजिक न्याय हा दुसरा. एकाच दगडात दोन्ही मारायला गेलात तर दोन्ही उडून जातात. दोन उद्दिष्टांना दोन साधनं लागतात. वहीचं दुसरं पान उघडा, १९६३चा लेख तिथे आहे. तोच विचार जगाच्या पातळीवर आला आहे.

पुराव्यासाठी बांगलादेश बघा. १९९३ साली अमेरिकी सिनेटर टॉम हार्किन यांनी बालमजुरांनी केलेल्या मालाच्या आयातीवर बंदी आणणारं विधेयक मांडलं. ते कायदा झालं नाही. पण नुसत्या भीतीने तिथल्या कपड्यांच्या कारखान्यांनी मुलांना कामावरून काढलं. युनिसेफने १९९७ च्या अहवालात नोंदवलं, की काढलेल्या मुलांपैकी अनेक शाळेत गेली नाहीत, दगड फोडण्यासारख्या जास्त धोक्याच्या कामांत आणि त्याहून वाईट ठिकाणी गेली. हेतू चांगला होता, हत्यार चुकीचं होतं.

पण गोष्ट इथे संपवू नका, आणि भगवतींचे चाहते नेमके इथेच संपवतात. १९९५ साली बांगलादेशातल्या तयार कपड्यांच्या उत्पादकांची संघटना, आंतरराष्ट्रीय श्रम संघटना आणि युनिसेफ यांच्यात करार झाला. त्यात मुलांना कामावरून काढताना शाळेत घालणं आणि घराला आधार देणं अशी सोय ठरली. म्हणजे दुसरा दगड उचलला गेला. पण तो कधी उचलला गेला? बाहेरच्या बंदीची धमकी येऊन गेल्यावर. धमकीशिवाय कोणी हलणार होतं का? या प्रश्नाचं उत्तर भगवतींच्या चौकटीत मला पूर्ण सापडत नाही, आणि ते वहीत तसंच लिहिलेलं आहे.

विरोधकांना शेजारी बसवा

एकट्याचं पुस्तक वाचून उठू नका. पण कोणाला शेजारी बसवायचं ते निवडून ठरवा, नाहीतर नुसती घोषणाबाजी होते. मी तिघांना बसवते.

पहिले अर्थतज्ज्ञ डॅनी रॉड्रिक. १९९७ साली त्यांनी 'हॅज ग्लोबलायझेशन गॉन टू फार?' लिहिलं. मुद्दा असा, की व्यापार खुला झाला की मालक सहज दुसरीकडे जाऊ शकतो, मजूर नाही, त्यामुळे वाटाघाटीत मजुराचं वजन कमी होतं आणि समाजातला करार उसवतो. हे भगवतींच्या 'कोण' रकान्यातलं मोठं उत्तर आहे.

दुसऱ्या अर्थतज्ज्ञ पेट्या टोपालोव्हा. यांचा अभ्यास आपल्याबद्दल आहे, म्हणून थोडा थांबून वाचा. भारतात १९९१नंतर सरासरी आयात शुल्क १९९०च्या ८० टक्क्यांहून जास्त पातळीवरून १९९६पर्यंत ३७ टक्क्यांच्या आसपास आलं. टोपालोव्हांनी जिल्ह्यागणिक पाहिलं. ज्या ग्रामीण जिल्ह्यांतले उद्योग या कपातीला जास्त उघडे पडले, तिथे गरिबी इतर जिल्ह्यांपेक्षा हळू घटली. वाक्य नीट वाचा. गरिबी वाढली असं त्या म्हणत नाहीत, देशभरात ती घटतच होती. पण घट सगळीकडे सारखी नव्हती, आणि कारण त्या हे देतात, की माणसं एका उद्योगातून दुसऱ्यात, एका जागेवरून दुसऱ्या जागी सहज जाऊ शकली नाहीत. पुढे एडमंड्स आणि पावनिक, व्हिएतनामवाले तेच दोघं, टोपालोव्हांबरोबर भारताकडे वळले. २०१०च्या त्यांच्या लेखात दिसलं, की उघड्या पडलेल्या जिल्ह्यांत मुलांचं शाळेत जाणं इतरांइतकं वाढलं नाही आणि बालमजुरी इतरांइतकी घटली नाही. तेच अभ्यासक, तोच प्रश्न, दोन देश, दोन वेगळी उत्तरं. व्हिएतनाममध्ये निर्यात खुली झाली होती आणि गरिबांच्या मालाला भाव आला होता. भारतात आयात खुली झाली होती आणि काही गरिबांच्या उद्योगाचं कवच गेलं होतं. दोन्हींत 'उत्पन्न वाढलं तर मूल शाळेत' ही भगवतींची वाट टिकून राहते. उत्पन्न कोणाचं वाढलं, एवढंच बदलतं. हा भाग वर्गात फळ्यावर शेजारी-शेजारी मांडल्यावर जी शांतता पसरते, तिच्यासाठी मी शिकवते.

तिसरे डेव्हिड ऑटर, डेव्हिड डॉर्न आणि गॉर्डन हॅन्सन. २०१३च्या लेखात त्यांनी दाखवलं, की चिनी आयातीला तोंड देणाऱ्या अमेरिकी भागांत बेकारी वाढली, लोक कामाच्या बाजारातूनच बाहेर पडले. १९९० ते २००७ या काळात अमेरिकी कारखान्यांतल्या रोजगारात जी घट झाली, तिचा जवळपास चौथा हिस्सा त्यांनी या आयातीला जोडला. इथे तारखा बघणं न्यायाचं आहे. चीन जागतिक व्यापार संघटनेत आला डिसेंबर २००१मध्ये. मजुरांच्या वेतनावर व्यापारापेक्षा तंत्रज्ञानाचा परिणाम मोठा, असं भगवती २००४मध्ये लिहीत होते ते आधीच्या दशकांच्या पुराव्यावर. त्या पुराव्याला धरून ते लिहिणं प्रामाणिक होतं. आज तेच वाक्य जसंच्या तसं उचलणं मात्र बरोबर नाही.

आपल्याकडे हा वाद नवा नाही, हेही मुलांना सांगते. न्यायमूर्ती रानड्यांनी १८९२ साली पुण्याच्या डेक्कन कॉलेजात व्याख्यान देऊन म्हटलं होतं, की इंग्लंडात लिहिलेले अर्थशास्त्राचे नियम जसेच्या तसे इथे लागू होत नाहीत. भगवती वाचल्यावर ते व्याख्यान वाचलं तर जास्त खोल जातं.

टिपण कसं लिहायचं

शेवटी एक पान लिहा, जास्त नाही. आधी भगवतींचा एक दावा त्यांना स्वतःला पटेल अशा शब्दांत मांडा. विरोधकालाही "हो, हेच त्यांचं म्हणणं" असं म्हणता आलं पाहिजे. मग वाट. मग कोण. मग उपाय, आणि तो कोणत्या साधनाने, किती दिवसांत, कोणाच्या पैशाने.

हा पैशाचा भाग टाळू नका. भगवती नुकसान सोसणाऱ्यांना मदत द्या म्हणतात, आणि अमेरिकेने १९६२च्या व्यापार कायद्यात तशी योजना केलीही होती, आयातीने काम गेलेल्यांना भत्ता आणि प्रशिक्षण. पण अशी योजना चालवायला सरकारच्या तिजोरीत पैसा लागतो, आणि आयात शुल्क कमी केल्यावर गरीब देशाच्या तिजोरीत नेमका तोच कमी होतो. ज्या टिपणात "सरकारने मदत करावी" एवढंच लिहिलेलं असतं, ते मी परत देते आणि कडेला लिहिते, "कुठून?"

लिहून झालं की पहिल्या पानावर परत जा. रिकार्डोच्या त्या वीस माणसांखाली, तुमच्या टिपणातला उपाय त्यांच्यापैकी कितींपर्यंत पोचतो तो आकडा लिहा. माझ्या वहीत मी गेली काही वर्षं पेन्सिलीनेच लिहिते. नवा अभ्यास आला की खोडून पुन्हा लिहिते. सध्या तिथे बारा आहे.